कोल्हापुरातलं वीस वर्षांचं गृहकर्ज: हप्ता २६ हजार, किंमत साडेबासष्ट लाख

हे परीक्षण एका वस्तूचं आहे: ३० लाखांचं, वीस वर्षांचं, फ्लोटिंग म्हणजे बदलत्या दराचं गृहकर्ज. राजारामपुरीतल्या बँकेच्या शाखेपासून पाचगाव-मोरेवाडीच्या साइट ऑफिसातल्या प्लास्टिकच्या टेबलापर्यंत हा माल सगळीकडे मिळतो. हिशेबासाठी दर ८.५० टक्के धरलाय. तुमचा थोडा खाली-वर असेल, पण कर्जाची चाल तीच.

विकणारा हप्ता सांगतो. "२६ हजार पस्तीस बसतील." घेणारा पगारातून २६ हजार वजा करून बघतो, घरखर्च भागतोय असं दिसलं की सही. हप्ता म्हणजे कर्जाची किंमत नव्हे. २४० हप्त्यांची बेरीज ६२ लाख ४८ हजार होते. त्यात मुद्दल ३० लाख, व्याज ३२ लाख ४८ हजार. इथपर्यंतचा गुणाकार मोबाइलवर कुणीही करतं. जे सहसा कुणी बघत नाही ते म्हणजे परतफेडीचं वेळापत्रक. मंजुरीपत्रासोबत येणारे ते सहा-सात पानांचे बारीक आकडे.

त्याची पहिलीच ओळ वाचा. हप्ता २६,०३५, व्याज २१,२५०, मुद्दल ४,७८५. पहिल्या महिन्यात ३० लाखांतले पाच हजारसुद्धा फिटत नाहीत. पाच वर्षांनी, ६० हप्ते भरल्यावर, तुमच्या खात्यातून १५ लाख ६२ हजार गेलेले असतात आणि कर्ज उतरलेलं असतं ३ लाख ५६ हजारांनी. बाकी १२ लाख ६ हजार व्याजात गेले. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला १४३वा हप्ता उजाडतो, म्हणजे जवळपास बारा वर्षं. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात. यात बँकेची लबाडी काही नाही. उरलेल्या रकमेवर दरमहा व्याज लावायचं आणि हप्ता समान ठेवायचा म्हटलं की गणित असंच येतं. पण सातव्या-आठव्या वर्षी फ्लॅट विकायला काढणाऱ्याला 'अजून एवढं बाकी?' असा धक्का बसतो तो इथूनच.

मुदतीचा परिणाम व्याजदराच्या घासाघिशीपेक्षा मोठा असतो. तेच ३० लाख, तोच दर, पण १५ वर्षांत फेडायचे तर हप्ता २९,५४२ आणि एकूण व्याज २३ लाख १८ हजार. २५ वर्षांना हप्ता २४,१५७, व्याज ४२ लाख ४७ हजार. ३० वर्षांना हप्ता २३,०६७ आणि व्याज ५३ लाख. शेवटचा आकडा नीट बघा: वीसाची तीस वर्षं केल्यावर दरमहा तीन हजारही वाचत नाहीत, आणि त्यासाठी साडेवीस लाख जादा व्याज. "पात्रता वाढते" म्हणून तीस वर्षांचा आग्रह होतो. पात्रता वाढते हे खरंच, पण त्या वाढीव पात्रतेवर एक खोली मोठा फ्लॅट विकला जातो हेही खरं.

एक बाजू कर्जाच्या वतीनेही मांडायला हवी. आजचे २६ हजार आणि पंधरा वर्षांनंतरचे २६ हजार सारखे नसतात. पगार वाढतो, हप्ता तिथेच राहतो. भाड्याचं घर दरवर्षी महागतं. म्हणून एकूण व्याजाचा आकडा बघून कर्जच नको म्हणणं हाही कच्चा हिशेब. वस्तू वाईट नाही. वापरायची रीत मात्र कुणी सांगत नाही.

आता 'फ्लोटिंग' या शब्दाकडे. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवीन फ्लोटिंग गृहकर्ज बाहेरच्या मापदंडाला बांधावं लागतं. बहुतेकांनी रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते तो, निवडला. तुमचा दर म्हणजे रेपो अधिक बँकेचा स्प्रेड (तिचा स्वतःचा वाढावा), आणि किमान तीन महिन्यांतून एकदा फेररचना. रेपो २०२० च्या मे महिन्यात ४ टक्के झाला, मे २०२२ पासून चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर गेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के. त्या काळात ६.७५ टक्क्यांनी घेतलेल्या कर्जाचं काय झालं ते करून बघू. ३० लाख, वीस वर्षं, हप्ता २२,८११. दोन वर्षं नियमित भरल्यावर बाकी २८ लाख ४८ हजार. दर ९.२५ झाला तर एका महिन्याचं व्याजच २१,९५३. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाला उरतात ८५८ रुपये. उरलेली अठरा वर्षं मग पस्तीस वर्षांच्या वर जातात. आणि हेच कर्ज अगदी ताजं असेल तर व्याज २३,१२५ होतं, म्हणजे हप्त्यापेक्षा जास्त. दर महिन्याला पैसे भरायचे आणि कर्ज वाढतच राहायचं.

बँका अशा वेळी हप्ता न वाढवता मुदत ताणतात, कारण ग्राहक ओरडत नाही. मोबाइलवर एक संदेश येतो, तो न वाचता पुसला जातो. रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात यावर बोट ठेवलं: दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, याची निवड कर्जदाराला द्यायची, मुदत ताणताना कर्ज उलटं वाढता कामा नये, आणि दर तिमाहीला विवरण द्यायचं. त्यात आजवर वसूल झालेलं मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर असायला हवा. विवरणातला एकच आकडा बघायची सवय लावा: उरलेले हप्ते. मागच्या तिमाहीपेक्षा तो तीनने कमी नसेल तर मधे काहीतरी झालंय.

उलट दिशेनेही हेच लागू. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते डिसेंबर रेपो साडेसहावरून सव्वापाचवर आला. रेपोला बांधलेल्या कर्जांत हे आपोआप उतरतं. हप्ता घटवू देऊ नका, तोच ठेवून मुदत कमी करून घ्या. पूर्वीच्या एमसीएलआर किंवा बेस रेटवर (बँकेने स्वतःच ठरवलेल्या दरांवर) अडकलेलं जुनं कर्ज असेल तर रेपोवर वळवण्यासाठी अर्ज द्यावा लागतो, थोडं शुल्क भरावं लागतं. बहुतेक वेळा ते काही महिन्यांत वसूल होतं.

इथे कोल्हापूरची खास गोष्ट येते. रेपोची ती सक्ती व्यापारी बँकांना आहे. गृहवित्त कंपन्यांना आणि नागरी सहकारी बँकांना नाही. आणि या जिल्ह्यात सहकार घराघरात आहे. गृहवित्त कंपनी स्वतःच्या 'प्राइम लेंडिंग रेट'वर, म्हणजे तिनेच ठरवलेल्या मूळ दरावर, चालते. रेपो खाली आला की नव्या ग्राहकाला सूट मिळते, जुन्याचा दर मात्र बऱ्याचदा जिथल्या तिथे राहतो. आयकर विवरणपत्र नसलेला दुकानदार, गावठाणातलं ग्रामपंचायतीच्या नमुना ८ उताऱ्याचं घर, गुंठेवारीतला प्लॉट अशा ठिकाणी बँक मान हलवते आणि या कंपन्या कर्ज देतात. त्या जोखमीची किंमत दरात वसूल होते. दुसरा पर्यायच नसेल तर घ्या, पण कागद नियमित झाले की लगेच कर्ज बँकेकडे हलवायचं हे पहिल्या दिवसापासून ठरवून.

सहकारी बँकेत माणूस ओळखीचा, काम चटकन. पण तीन गोष्टी लेखी विचारा. एक, व्याज शिल्लक रकमेवर दरमहा आकारणार की फ्लॅट. फ्लॅट म्हणजे मूळ रकमेवर सगळी वर्षं तेच व्याज. पतसंस्थेत "सात टक्के फ्लॅट" ऐकायला गोड वाटतं. १० लाख, दहा वर्षं, म्हणजे ७ लाख व्याज आणि हप्ता १४,१६७. घटत्या शिलकीच्या पद्धतीत हाच दर ११.७ टक्क्यांच्या आसपास पडतो. साडेआठवाला बँकेचा माणूस महाग वाटला होता ना? दोन, शेअर्स. तारण कर्जाला अडीच टक्क्यांपर्यंत शेअर्स घ्यायला लागू शकतात, ३० लाखांवर ७५ हजार. लाभांश मिळेल, कर्ज फिटल्यावर रक्कम परत मिळेल, पण तोवर ती अडकलेली. तीन, दर कधी आणि कशाच्या आधारे बदलणार. 'संचालक मंडळ ठरवेल त्याप्रमाणे' असं छापलेलं असेल, तर तो फ्लोटिंग दर कुठल्याच दोरीला बांधलेला नाही एवढं समजून सही करा.

सुरुवातीच्या खर्चाचा अंदाज बहुतेकांचा चुकतो. ३८ लाखांचा, महापालिका हद्दीतला फ्लॅट धरा. मुद्रांक शुल्क ५ टक्के आणि वर १ टक्का अधिभार, म्हणजे २ लाख २८ हजार. नोंदणी शुल्क १ टक्का पण कमाल ३० हजार. खरेदी फक्त महिलेच्या नावावर असेल तर निवासी घराला मुद्रांकात १ टक्का सवलत, म्हणजे इथे ३८ हजार वाचले. नवऱ्याचं नाव जोडलं की सवलत गेली. बांधकाम चालू असेल तर जीएसटी. कोल्हापूर महानगरांत मोडत नसल्यामुळे ९० चौरस मीटरपर्यंत चटई क्षेत्र आणि ४५ लाखांपर्यंत किंमत असेल तर १ टक्का, नाहीतर ५. पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यावर घेतलेल्या फ्लॅटला जीएसटी नाही. बँक मुद्रांक आणि नोंदणीला कर्ज देत नाही (१० लाखांपर्यंतचं घर त्याला अपवाद), आणि घराच्या किमतीतही ३० लाखांपर्यंतच्या कर्जाला ९० टक्के, त्यापुढे ७५ लाखांपर्यंत ८० टक्के, आणि त्याहून मोठ्या कर्जाला ७५ टक्के एवढीच मर्यादा. ३० लाख कर्ज घेऊनही या फ्लॅटसाठी खिशातून आठ लाख अधिक सुमारे तीन लाख काढावे लागतात. हे तीन लाख वैयक्तिक कर्जातून उभे केले तर गृहकर्जाचा स्वस्त दर निम्मा वाया गेला म्हणायचा.

कर्जाचे स्वतःचे खर्च वेगळे: प्रोसेसिंग फी आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, पॅनेलवरच्या वकिलाचा तीस वर्षांच्या मालकीचा सर्च, मूल्यांकन, गहाणाची नोटीस ऑफ इंटिमेशन (निबंधकाला द्यायची गहाणाची सूचना) आणि तिचं मुद्रांक, सरसाई (तारण मालमत्तांची केंद्रीय नोंदवही) नोंदणीचे शंभर रुपये. हे सगळं मिळून एक टक्का, म्हणजे ३० हजार झाले असं धरलं तर ८.५० टक्क्यांचं कर्ज वीस वर्षांवर प्रत्यक्षात ८.६४ टक्क्यांना पडतं. दोन बँकांची तुलना करायची तर जाहिरातीतला दर नको, हाच आकडा हवा, आणि तो आता मागावाही लागत नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जासोबत मुख्य तथ्य विवरण, बोलीत केएफएस, द्यावंच लागतं. त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर आणि पूर्ण वेळापत्रक असतं, तेही कर्जदाराला कळेल त्या भाषेत. त्यात नसलेलं शुल्क तुमच्या संमतीशिवाय पुढे लावता येत नाही. मराठीत मागा, मिळतं.

मग विमा. सगळ्यात जास्त पैसा गपचूप इथे जातो. कर्जासोबत एकरकमी हप्त्याचा जीवन विमा जोडतात आणि प्रीमियम कर्जातच मिळवतात. ९० हजारांचा प्रीमियम असेल तर मंजुरीपत्रात कर्ज ३०,९०,००० दिसेल. त्या ९० हजारांचे वीस वर्षांत १ लाख ८७ हजार जातात. वर कर्ज उतरेल तसं विम्याचं संरक्षणही उतरत जातं. कमावत्या माणसाला विमा हवाच, पण बाहेरून घेतलेला साधा टर्म विमा स्वस्त पडतो आणि कर्ज दुसरीकडे हलवलं तरी तो चालू राहतो. "घेतल्याशिवाय फाइल पुढे जाणार नाही" असं तोंडी सांगितलं जातं. तेच लेखी द्या म्हटलं की सूर बदलतो.

घराचा विमा मात्र या गावात टाळू नये. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची इशारा पातळी ३९ फूट, धोका पातळी ४३ फूट. २०१९ आणि २०२१ ला पाणी कुठवर आलं ते दुधाळी, शाहूपुरी, नागाळा पार्कातल्या भिंतींना ठाऊक आहे. 'भारत गृह रक्षा' ही एप्रिल २०२१ पासूनची प्रमाणित पॉलिसी पुराचं नुकसान धरते. विमा इमारतीच्या पुनर्बांधणीच्या खर्चाचा काढायचा, जागेच्या बाजारभावाचा नाही. प्लॉट घेत असाल तर पूररेषेचा नकाशा कर्जाच्या अर्जाआधी बघा. निळ्या रेषेच्या (बांधकामाला मनाई असलेल्या पूरपट्ट्याच्या हद्दीच्या) आतल्या जागेला बँकेचा मूल्यांककच फुली मारतो, आणि तोवर तुमचा इसार दिलेला असतो.

बांधकाम चालू असताना प्री-ईएमआय घेतला तर फक्त वितरित रकमेचं व्याज जातं. २० लाख वितरित, दीड वर्ष, म्हणजे २ लाख ५५ हजार. मुद्दल एक रुपयानेही हलत नाही आणि साडेबासष्ट लाखांच्या हिशेबात हे धरलेलंही नाही. ताबा लांबला की हा आकडाही लांबतो.

करसवलतीवर घर घेण्याचे दिवस गेले. जुन्या करपद्धतीत राहत्या घरासाठी वर्षाला २ लाखांपर्यंत व्याज आणि कलम ८० सी च्या दीड लाखात मुद्दल बसत होतं. नव्या पद्धतीत राहत्या घराला यातलं काहीही नाही.

आता वस्तूची खरी चांगली बाजू: मुदतपूर्व फेड. फ्लोटिंग दराचं वैयक्तिक गृहकर्ज लवकर फेडलं म्हणून बँक किंवा गृहवित्त कंपनी दंड लावू शकत नाही. आणि आधीच्या वर्षांत टाकलेला रुपया नंतरच्यापेक्षा कितीतरी जड असतो. पहिल्या वर्षाच्या शेवटी १ लाख जादा भरा: १८ हप्ते कमी होतात, व्याजात ३ लाख ७० हजार वाचतात. तेच १ लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरा: वाचतात जेमतेम ५० हजार. दरमहा २६,०३५ ऐवजी २८,००० भरले तर २४० ऐवजी २०२ महिन्यांत कर्ज संपतं आणि सहा लाख वाचतात.

कोल्हापूरकराला हे जमण्यासारखं आहे, कारण इथला पैसा बऱ्याचदा महिन्याच्या महिन्याला येत नाही, ढिगाने येतो. उसाचं बिल, दिवाळीआधीचा दूध दरफरक, शिरोली किंवा गोकुळ शिरगावच्या कारखान्यातला बोनस. यातला एक ढीग दरवर्षी कर्जात गेला पाहिजे, निदान पहिली सात वर्षं. भरताना शाखेत लेखी अर्ज द्या: 'हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी.' असं लिहून दिलं नाही तर काही ठिकाणी उलट करतात, हप्ता घटवून मुदत तीच ठेवतात, आणि बचतीचा मोठा भाग हातचा जातो. आठवड्याने नवं वेळापत्रक मागून घ्या. रक्कम नुसती खात्यात पडून आहे, मुद्दलाला लागलीच नाही, अशी प्रकरणं तिथेच सापडतात. पैसा कधी लागेल याचा भरवसा नसेल तर ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज बघा. दर किंचित जास्त असतो, पण उसाचं बिल त्या खात्यात पडून राहिलं तेवढे दिवस तेवढ्यावर व्याज नाही, आणि लावणीला गरज पडली की काढता येतं. शिस्त नसलेल्या माणसासाठी मात्र ही सोय धोक्याची.

कर्ज दुसऱ्या बँकेत हलवण्याचा सल्ला सर्रास दिला जातो. त्यातली मेख अशी. पाच वर्षांनी बाकी २६ लाख ४४ हजार, उरलेले हप्ते १८०, भरायचे एकूण ४६ लाख ८६ हजार. नवी बँक ८ टक्के देते आणि पुन्हा वीस वर्षांची मुदत लावते. हप्ता २२,११४ होतो, घरात आनंद. पण एकूण भरणा ५३ लाख ७ हजार. दर अर्ध्या टक्क्याने उतरला आणि सहा लाख वीस हजार जादा गेले. तेच कर्ज ८ टक्क्यांवर हलवून हप्ता २६,०३५ च ठेवला तर दहा महिने आणि अडीच लाख वाचतात. त्यातून नव्या बँकेची फी, सर्च, मूल्यांकन, गहाणाची नोटीस पुन्हा, हे सगळं वजा करा. आधी आपल्याच बँकेला दुसरीकडची ऑफर दाखवून स्प्रेड कमी करायला सांगा. बहुतेक वेळा काम तिथेच होतं.

शेवटचा हप्ता गेला म्हणजे सगळं संपलं असं नाही. ना-देय दाखला घ्या. मूळ दस्त ३० दिवसांत परत द्यावे लागतात आणि बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. दस्तांची यादी कर्ज घेताना सही-शिक्क्यानिशी घेतलेली असेल तर तो हक्क बजावणं सोपं जातं. सरसाईवरचा भार उतरवून घ्या. सहकारी बँकेने किंवा पतसंस्थेने नोंदणीकृत गहाणखत केलं असेल तर मुक्ततेचा दस्त करवीरच्या सहदुय्यम निबंधकाकडे नोंदवा, आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कांत किंवा मिळकत पत्रिकेवर चढवलेला बोजा कमी झाल्याचा ताजा उतारा काढून फाइलला लावा.